गॅब्रिएल नाइट ३ खेळायचाय? मिशी सोडा, पेन्सिल धरा

सिएरा कंपनीनं १९९९ साली काढलेला 'गॅब्रिएल नाइट ३' हा कॉम्प्युटर गेम म्हणजे त्या मालिकेचा शेवटचा भाग. नाव काढलं की लोक मांजराच्या केसांच्या मिशीवरच येतात. राजारामपुरीत आर्किटेक्टच्या हाताखाली नकाशे काढण्यात माझी उमेद गेली, त्यामुळं मला त्यातलं लाल सापाचं कोडंच मोठं वाटणार, हे आधीच सांगून ठेवतो.

गेम गॉग (GOG) या ऑनलाइन दुकानात मिळतो. चित्रं जुनी दिसतील, चालायचंच. कॅमेरा गोष्टीचा नायक गॅब्रिएल याला बांधलेला नाही. माऊसचं डावं बटण दाबून सरकवा आणि खोलीचा कोपरान् कोपरा बघा. गोष्ट तीन दिवसांची, दिवसाचे तासांप्रमाणे तुकडे पाडलेत. प्रत्येक तुकडा सुरू झाला की दिवस-वेळ लिहून वेगळा सेव्ह करा. हुकलेली वस्तू किंवा संभाषण नंतर मिळेलच असं नाही.

आता ती मिशी. गॅब्रिएलला मोझली नावाच्या मित्राच्या नावावरची मोटरसायकल हवी असते. म्हणून मोझलीचं सोंग घ्यायचं. त्यासाठी मांजराचे केस चिकटपट्टीवर गोळा करायचे, सिरपनं ओठावर डकवायचे, आणि मोझलीला मिशीच नसल्यामुळं त्याच्या पासपोर्टवरच्या फोटोला पेनानं मिशी काढायची! इथं डोकं फोडू नका भावा, सरळ उत्तर बघा. त्यात कसला आलाय कमीपणा.

खरी मजा गॅब्रिएलची जोडीदार ग्रेस हिच्या वाट्याला. सिडनी नावाच्या कॉम्प्युटरवर 'ल सर्पाँ रूज' म्हणजे 'लाल साप' ही कविता आणि रेन-ल-शातो या फ्रान्समधल्या गावाच्या आसपासचा नकाशा. कडवी तेरा. बारा राशींची बारा आणि तेरावं भुजंगधारी या तारकासमूहाचं. एकेक कडवं मोठ्यानं वाचा, ठिकाणाचा इशारा दिसला की कागदावर टिपा. बिंदू सापडले की वर्तुळ बसवायचं असतं. अंदाजानं ओढत बसू नका. कोणतेही तीन बिंदू घ्या, दोन जोड्या रेषेनं जोडा, दोन्ही रेषांचे लंबदुभाजक काढा. ते छेदतात तिथं केंद्र. मग स्क्रीनवर वर्तुळ तिथं न्या, ताणा, 'अ‍ॅनालाइज' दाबा. बरोबर असेल तर ते पक्कं होतं. पुढं चौकोन, पटाच्या चौकटी, षट्कोनी तारा यांचीही पाळी येते, म्हणून खोडरबर जवळ असू द्या.

यातलं गाव खरं आहे, १८८५ मध्ये तिथं आलेला पाद्री सोनिएरही खरा. त्याच्या चर्चमध्ये जानेवारीच्या मध्यात रंगीत काचेतून उन्हाचे ठिपके भिंतीवर पडतात, त्यांना 'निळी सफरचंदं' म्हणतात. अंबाबाईचा किरणोत्सव गर्दीत उभं राहून बघितलेल्या माणसाला ऊन आणि देऊळ यांचं गणित वेगळं समजवायला नको. सोनिएरला खजिना सापडल्याच्या कथा मात्र कथा म्हणूनच घ्या. गेम लिहिणाऱ्या जेन जेन्सननं त्या गोष्टीत गुंफल्यात झकास.

गेममधल्या शेवटच्या देवळात शिरण्याआधी एक सेव्ह राखून ठेवा, आत जीव जातो. आणि ग्रेसचं काय होतं ते आधी शोधू नका. चौथा भाग निघालाच नाही, त्यामुळं तो धागा तसाच लोंबकळतो. चुटपुट लागली तर पहिल्या भागाची २०१४ची नवी आवृत्ती आहे, ती लावा.