ब्रिटनमध्ये गाणं पण आणि ॲक्टिंग पण, दोन्ही सांभाळायचं कसं?

आधी डोक्यातून ते काढून टाका की आठवड्यातले तीन दिवस गाण्याला आणि तीन ॲक्टिंगला. असं कुणाचंच चालत नाही, कारण काम वाटणी बघून येत नाही. वेस्ट एंडला (लंडनमधला मोठ्या थिएटरांचा भाग) रोल मिळाला की आठवड्याला आठ शो, संध्याकाळी तर असतातच वर दुपारचे मॅटिनी, मग बँडची गिग, म्हणजे लाइव्ह कार्यक्रम, कधी करणार? सुट्टीच्या एका दिवशी, बहुतेक रविवारी, आणि त्या दिवशी गळ्याला आराम पाहिजे असतो ही गोची वेगळीच.

म्हणून कॅलेंडर एकच ठेवा आणि एजंट, बँडवाले सगळ्यांना तेच दाखवा. तिकडे 'पेन्सिल' म्हणजे तारीख तुमच्यासाठी धरून ठेवलीये पण काम पक्कं नाही, आणि 'हेवी पेन्सिल' म्हणजे जवळजवळ पक्कं. पेन्सिल पडली की बँडला त्याच दिवशी सांगून टाका, कन्फर्म होईपर्यंत थांबू नका. वाजवणाऱ्यांकडे 'डेप'ची सोय असते, म्हणजे आपल्या जागी दुसरा वाजवणारा पाठवायचा, त्यामुळे दोन-तीन भरवशाचे डेप आधीच जोडून ठेवा. लीड गाणाऱ्याचा डेप मात्र कोण होणार, तिथे गिगच पुढे ढकलावी लागते.

नावाचं पण आधीच बघा. ॲक्टर लोकांची युनियन इक्विटी, तिथे एकाच नावाचे दोन मेंबर चालत नाहीत. ॲक्टर डेव्हिड टेनंटचं जन्माचं नाव डेव्हिड मॅकडोनाल्ड, ते आधीच कुणीतरी घेतलेलं होतं म्हणून त्याने पेट शॉप बॉईज या पॉप ग्रुपच्या नील टेनंटचं आडनाव उचललं (म्हणजे ॲक्टरला नाव पण म्युझिकनेच दिलं!). रिझ अहमदने वेगळं केलं, सिनेमात रिझ अहमद आणि रॅपमध्ये बरीच वर्षं रिझ एमसी.

या माणसाकडून शिकण्यासारखं खरं तर हे की त्याने दोन कामं एकमेकांत घुसवली. २०२० मध्ये 'द लाँग गुडबाय' हा अल्बम काढला, त्याच नावाची शॉर्ट फिल्म केली आणि २०२२ ला तिला ऑस्कर मिळालं. त्याच्या आदल्या वर्षी बेस्ट ॲक्टरचं नॉमिनेशन होतं, तेही बहिरा होत जाणाऱ्या ड्रमरच्या रोलसाठी, आणि त्यासाठी तो ड्रम्स वाजवायला आणि अमेरिकन साइन लँग्वेज दोन्ही शिकला. म्हणजे ऑडिशनला जाताना 'मी गातो पण' हे लपवू नका, उलट शोरीलमध्ये, म्हणजे आपल्या कामाच्या छोट्या व्हिडिओत, टाका. ॲक्टर-म्युझिशियन हा तिकडे वेगळा प्रकारच आहे, नट स्वतःच स्टेजवर वाजवतात, न्यूबरीचं वॉटरमिल थिएटर त्यासाठी नावाजलेलं आणि रोझ ब्रुफर्ड कॉलेजला त्याची डिग्रीच आहे. आपल्या संगीत नाटकवाल्यांना गाणारा नट काही नवीन नाही म्हणा, पण तिकडे नट व्हायोलिन वाजवत वाजवत डायलॉग म्हणतो.

पैशाचं. गाणं कुठे वाजलं की त्याची रॉयल्टी गोळा करून देणाऱ्या दोन संस्था आहेत: स्वतः गाणं लिहिलं असेल तर पीआरएस, रेकॉर्डिंगवर गायलं किंवा वाजवलं असेल तर पीपीएल, दोन्हीकडे वेगवेगळं रजिस्टर करावं लागतं आणि लोक एक करून दुसरं विसरतातच. टॅक्सचं वर्ष ५ एप्रिलला संपतं, ऑनलाइन रिटर्न ३१ जानेवारीपर्यंत. फ्रीलान्स कमाई दोन्हीकडची असली तरी रिटर्न एकच, फक्त प्रवास, वाद्याच्या तारा, हेडशॉट (ऑडिशनसाठी काढलेला चेहऱ्याचा फोटो) सगळ्याच्या पावत्या जपा.

आणि भारतातून शिकायला गेला असाल तर स्टुडंट व्हिसावर सेल्फ-एम्प्लॉइड काम चालत नाही, एंटरटेनर म्हणून तर नाहीच. पबमधली पैसे मिळणारी छोटी गिगसुद्धा त्यात येते, तेव्हा हो म्हणायच्या आधी कॉलेजच्या इंटरनॅशनल ऑफिसात जाऊन विचारा.