कालइंजिनाला खुंटा लावताय? या चुका टाळा

फासे टाकत, पात्रं होऊन गोष्ट रचत खेळायच्या खेळात काल्पनिक जग असतं. त्या जगात वेळ मागेपुढे नेणारं इंजिन आलं की त्याला ताब्यात ठेवणारी वस्तूही आणावीच लागते. नाही आणली तर खेळणारे तिसऱ्याच डावात परवाच्या दिवसात शिरून खजिना उचलतात आणि गेम मास्टर, म्हणजे खेळ चालवणारा, कपाळाला हात लावतो. ठाण्याच्या नौपाड्यात रविवारी जमणाऱ्या आमच्या टेबलावर या वस्तूला खुंटा म्हणतात. कथा लिहिणाऱ्यांनाही हे सगळं लागू आहे. फक्त त्यांच्यासमोर हुज्जत घालायला कोणी बसलेलं नसतं, म्हणून चुका उशिरा उघड्या पडतात.

खुंटा इंजिनातच रोवणं

ही चूक सगळ्यात जास्त दिसते. इंजिन वेळ ताणतं, खुंटा त्याच इंजिनावर बसवलेला असतो आणि तरी तो म्हणे बरोबर वेळ धरून ठेवतो. कशाच्या जोरावर? इंजिनाने तास दीडपट लांबवला तर खुंट्यातलं घड्याळही त्याच लांबलेल्या तासात चालणार. काही बिघडलंय हे त्याला कळायचं कसं? आधार बाहेरचा हवा, इंजिनाचा हात पोचत नाही असा.

लोक इथे चमकणारा स्फटिक आणतात. चालतो, पण पोकळ वाटतो. ठाणेकराला तर उत्तर दारातच आहे, खाडी. भरती चंद्रामुळे येते आणि रोज सुमारे 50 मिनिटं उशिरा येते. कोकणात तिचा ढोबळ हिशेब तोंडावर असतो: तिथीची पाऊणपट करा, भरतीची वेळ मिळते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. आमच्या खेळातल्या ठाण्यात खुंट्याची साखळी कोपरीकडच्या गाळात सोडली आहे. पाण्याची रेघ साखळीच्या कितव्या कडीवर आहे ते खुंट्याचा काटा बघतो, पंचांगातल्या तिथीशी ताडतो आणि मेळ बसला नाही की इंजिनाची झडप आवळतो. इंजिनाने अख्खं शहर गेल्या आठवड्यात नेलं तरी चंद्र जागेवरच असतो.

यातून खुंट्याची मर्यादा आयती मिळते. अमावस्या-पौर्णिमेच्या सुमारास उधाण असतं, पाणी खूप चढतं-उतरतं, काट्याला फरक स्वच्छ दिसतो. अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे उधाणाच्या उलट. पाणी जेमतेम हलतं, काटा गोंधळतो. म्हणून आमच्या खेळातले चोर अष्टमी बघूनच बाहेर पडतात. "खुंटा महिन्यातून दोनदा कमजोर होतो" असा नियम नुसता सांगितला असता तर टेबलावर कोणी मानला नसता.

खुंटा तत्काळ आणि अचूक काम करतो असं मानणं

जेम्स वॉटने 1788 मध्ये वाफेच्या इंजिनाला गव्हर्नर लावला. फिरत्या दांड्यावर दोन गोळे. वेग वाढला की गोळे बाहेर फाकतात आणि वाफेची झडप आवळली जाते, वेग उतरला की गोळे खाली येतात आणि झडप सुटते. पण झडप आवळल्यावर वेग उतरायला थोडा वेळ जातोच. गव्हर्नर फार तल्लख असेल तर तेवढ्यात तो गरजेपेक्षा जास्त आवळून बसतो, मग घाईने जास्त सोडतो, आणि इंजिन हेलकावे खायला लागतं. भौतिकशास्त्रज्ञ मॅक्सवेलने 1868 मध्ये या अस्थिरतेचं गणित मांडलं.

हेच वेळेला लावून बघा. खुंटा वेळ मागे ओढतो, जरा जास्तच ओढतो, मग पुढे ढकलतो. स्टेशनाबाहेरचा चहावाला तुमच्यापुढे तोच ग्लास तीनदा ठेवतो. पहिल्यांदा वाफाळता, दुसऱ्यांदा साय धरलेला, तिसऱ्यांदा रिकामा, आणि पैसे तिन्ही वेळेला मागतो. मला विचाराल तर बंद पडलेल्या खुंट्यापेक्षा असा उतावीळ खुंटा कथेला कितीतरी जास्त देतो.

हद्द न ठरवणं

खुंट्याचा अंमल कुठपर्यंत, आणि हद्दीवरचे लोक कोणती वेळ पाळतात? हे खऱ्या जगातही घडलंय. 1906 पासून भारतीय प्रमाणवेळ लागू झाली, पण मुंबईत तिच्यापेक्षा 39 मिनिटं मागे असलेली बॉम्बे टाइम 1955 पर्यंत टिकली. एका शहरात दोन वेळा म्हणजे भांडणांना तोटा नाही. नकाशावर रेघ मारा आणि त्या रेघेवर एखादं दुकान ठेवा.

मोजमापाचं तेवढं सांभाळा. घटका 24 मिनिटांची, पळ 24 सेकंदांचं. "दोन घटकांत स्फोट" म्हणून वाळूचं छोटं घड्याळ उलटं केलंत तर कोणीतरी टोकणारच.

डाव अडकलाच तर

खेळणारे प्रत्येक संकटात खुंट्याकडे धावत असतील तर खुंटा काढून घेऊ नका, साखळी घाण करा. कड्यांवर कालवं चढली की काटा रेघ चुकीची वाचतो. ओहोटीला गुडघाभर चिखलात उतरून कोयतीने ती खरवडावी लागतात आणि भरतीच्या आत वर यावं लागतं. पुढच्या वेळी ते दोनदा विचार करतात.

दोन डावांतला भूतकाळ जुळत नसेल तर एक खोटा ठरवू नका. दोन्ही खरे, फरक तेवढा खुंट्याच्या हेलकाव्याचा, आणि कोणाच्या खिशात कोणता पुरावा उरला ते त्यांनाच शोधू द्या.

आणि खुंटा कसा चालतो हे समजावण्यात दहा मिनिटं जात असतील तर थांबा. "साखळी सैल आहे" एवढं सांगा आणि फासा पुढे करा.