मिनीव्हॅनला बाहेरून घेतलेला अलार्म जोडताना: एकही दार सुटू न देता वायरिंग कसं करावं

अलार्मचं खोकं उघडलं की काम सोपं वाटतं: एक छोटं युनिट, सायरन, दोन रिमोट, शॉक सेन्सर आणि रंगीबेरंगी वायरींचा जुडगा. खरी मेहनत गाडीच्या मूळ वायरिंगमध्ये असते. नेमकी वायर ओळखायची, ती तपासून खात्री करायची आणि मगच तिला हात लावायचा. मिनीव्हॅनमध्ये हे जास्त जपून करावं लागतं. पुढची दोन दारं, दोन सरकती दारं, मागचं मोठं दार आणि बॉनेट अशा सहा जागांवरून गाडी उघडता येते. अलार्मला यांतली पाचच कळली, तर राहिलेली सहावी चोराच्या उपयोगाची. म्हणून या लेखात सर्वांत जास्त जागा दारांना दिली आहे.

पायरी १: तयारी

तुमच्या मॉडेलचा आणि नेमक्या वर्षाचा वायरिंग डायग्राम मिळवा. 'त्याच गाडीचा' पण दोन वर्षं मागचा डायग्राम चालत नाही, कारण दरम्यान वायरींचे रंग आणि कपलर बदललेले असतात. डायग्राममध्ये दोन रंग लिहिले असतील तर सहसा पहिला वायरीचा मूळ रंग आणि दुसरा तिच्यावरच्या पट्टीचा. डायग्राम कितीही विश्वासाचा असला, तरी प्रत्येक वायर मीटरने तपासल्याशिवाय सोलायची नाही. रंग बघून फक्त शोध कुठे घ्यायचा ते कळतं.

डिजिटल मल्टीमीटर, वायर स्ट्रिपर, सोल्डरिंग गन, हीट-श्रिंक स्लीव्ह, कापडी इन्सुलेशन टेप, केबल टाय, ट्रिम काढायच्या प्लॅस्टिकच्या पट्ट्या, पाच पिनांचे दोन-तीन रिले (कॉइलला छोटा करंट दिला की चालणारे विजेचे स्विच) आणि १एन४००१ जातीचे अर्धा डझन डायोड (करंट एकाच दिशेने जाऊ देणारे भाग) जवळ ठेवा. बल्बचा टेस्ट लॅम्प मात्र वापरू नका. बल्ब पेटायला करंट लागतो आणि तो तुम्ही तपासत असलेल्या सर्किटमधून ओढला जातो. कंट्रोल मॉड्यूलच्या, म्हणजे गाडीतल्या छोट्या संगणकाच्या, नाजूक वायरीला तो झेपत नाही. एअरबॅगच्या वायरीला टेस्ट लॅम्प लागला तर एअरबॅग फुटूही शकते. एअरबॅगच्या वायरी बहुतेक गाड्यांत पिवळ्या नळीत किंवा पिवळ्या कपलरमध्ये असतात. त्या दिसल्या की हात मागे घ्या. त्यांना मीटरही लावायचा नाही.

सुरुवातीला ड्रायव्हरची काच पूर्ण खाली करून ठेवा. काम चालू असताना दारं आपोआप लॉक होऊन किल्ली आत राहणं फार सहज घडतं. मग बॅटरीचं निगेटिव्ह टर्मिनल काढा, काही मिनिटं थांबा आणि स्टिअरिंगखालचं पॅनेल, पायाजवळची बाजूची ट्रिम आणि उंबरठ्याची पट्टी काढा. मीटरने तपासताना बॅटरी पुन्हा जोडावी लागेल. त्या वेळी एअरबॅगचा एखादा कपलर सुटलेला असेल तर इग्निशन चालू करू नका, डॅशबोर्डवरचा एअरबॅगचा दिवा कायमचा पेटून बसेल.

पायरी २: स्टिअरिंगजवळच्या वायरी

इग्निशन स्विचच्या मागच्या जाड वायरींच्या जुडग्यात चार प्रकार भेटतात. मीटरचा काळा प्रोब गाडीच्या उघड्या धातूला लावा आणि लाल प्रोबने एकेक वायर पाहा. किल्ली काढलेली असतानाही सुमारे १२ व्होल्ट दाखवते ती कायम चालू वायर. किल्ली 'ऑन' केल्यावर १२ व्होल्ट येतात आणि सेल्फ मारतानाही टिकतात ती इग्निशनची. 'ऑन'ला येतात पण सेल्फ मारताना जातात ती ॲक्सेसरीची. फक्त सेल्फ मारतानाच १२ व्होल्ट दाखवते ती स्टार्टरची. इग्निशन आणि ॲक्सेसरी यांच्यात गफलत होते, म्हणून सेल्फ मारतानाचं रीडिंग कुणाला तरी किल्ली फिरवायला बसवून नक्की घ्या. अलार्मच्या इग्निशन इनपुटला ॲक्सेसरीची वायर दिली, तर सेल्फ मारला की युनिटला किल्ली बंद झाल्यासारखं वाटतं.

अलार्मचा मुख्य पुरवठा कायम चालू वायरीवरून घ्यायचा. फ्यूज त्या जॉइंटपासून वीतभर अंतराच्या आत हवा, कारण फ्यूजच्या अलीकडच्या तुकड्याला कसलंच संरक्षण नसतं. सगळं काम संपेपर्यंत फ्यूज होल्डरमध्ये बसवू नका.

पार्किंग लाइटची वायर लाइटच्या स्विचमागे मिळते. पार्किंग लाइट लावले की १२ व्होल्ट, आणि डॅशबोर्डचा उजेड कमी-जास्त केला तरी तेवढेच. उजेडाबरोबर व्होल्टेज हलत असेल तर ती डॅशबोर्डच्या दिव्यांची वायर आहे, ती सोडा.

पायरी ३: दारं

जुन्या पद्धतीच्या गाड्यांत दाराचा स्विच दार उघडलं की वायर अर्थ करतो, म्हणजे गाडीच्या धातूशी जोडतो. याला निगेटिव्ह ट्रिगर म्हणतात. काही गाड्यांत उलट, दार उघडलं की १२ व्होल्ट येतात, तो पॉझिटिव्ह ट्रिगर. अलार्मवर दोन्हींसाठी वेगळ्या वायरी असतात, म्हणून आपल्याकडे कुठला प्रकार आहे ते आधी ठरवा. निगेटिव्ह ट्रिगर शोधताना लाल प्रोब कायम चालू वायरीला आणि काळा प्रोब संशयित वायरीला लावा. दार उघडल्यावर पूर्ण १२ व्होल्ट आणि बंद केल्यावर त्याहून स्पष्टपणे कमी रीडिंग आलं, तर वायर सापडली. कशालाच न जोडलेली वायर काळा प्रोब अर्थला लावून पाहिली तर भलतंच रीडिंग येऊन फसगत होते, ती या पद्धतीत टळते.

आता ती वायर कुठल्या दाराची आहे ते पाहा. ड्रायव्हरचं, शेजारचं, डावं सरकतं, उजवं सरकतं, मागचं, अशी सगळी दारं एकेक करून उघडा आणि बंद करा. बाकी सगळी बंद ठेवूनच एक उघडायचं. घाईत दोन दारं एकदम उघडी राहिली की निष्कर्ष चुकतो. कागदावर दारांची नावं लिहून समोर 'कळलं' किंवा 'नाही' लिहीत जा. पुढच्या दोन दारांना प्रतिसाद देणारी आणि सरकत्या दारांना गप्प बसणारी वायर मिनीव्हॅनमध्ये अनेकदा सापडते, आणि बरेच जण तेवढ्यावर समाधान मानतात.

एक मोहाचा मार्ग म्हणजे छतावरच्या दिव्याची वायर. कुठलंही दार उघडलं की दिवा लागतो, म्हणजे एका जॉइंटमध्ये सगळी दारं आली. हे चालतं, पण अटी आहेत. दिवा दार बंद झाल्यावर हळूहळू विझत असेल, तर तेवढा वेळ अलार्मला दार उघडंच दिसतं. युनिटमध्ये दिवा विझेपर्यंत थांबण्याची सेटिंग असेल तर ती चालू करा. दिव्याचा स्विच कायमचा बंद ठेवता येत असेल, किंवा मागच्या दाराचा दिवा वेगळ्या सर्किटवर असेल, तर हा मार्ग सोडून द्या. शक्य असेल तिथे दाराच्या स्विचचीच वायर घ्यावी, असं माझं ठाम मत आहे.

प्रत्येक दाराची वायर वेगळी निघाली तर त्या सरळ एकत्र पिळू नका. तसं केलं की एक दार उघडल्यावर गाडीला सगळीच उघडी वाटतात, डॅशबोर्डवर सगळ्या दारांचे दिवे लागतात आणि मोटरवर चालणारी सरकती दारं विचित्र वागू लागतात. इथे डायोड लागतात. निगेटिव्ह ट्रिगर असेल तर डायोडवरची पट्टी दाराच्या वायरीकडे आणि बिनपट्टीचं टोक अलार्मकडे. पॉझिटिव्ह ट्रिगरला बरोबर उलट. प्रत्येक दाराच्या वायरीला एक डायोड आणि सगळ्यांची दुसरी टोकं एकत्र करून अलार्मच्या एका इनपुटला. जोडण्याआधी डायोड मीटरने तपासून घ्या. सोल्डर करताना डायोडची तार डायोडच्या बाजूने चिमट्यात धरा, म्हणजे उष्णता चिमट्यात जाते. मग प्रत्येकावर स्वतंत्र स्लीव्ह चढवा.

सरकत्या दाराच्या वायरी कुठून घ्यायच्या? जुन्या मिनीव्हॅनमध्ये दार बंद झाल्यावर खांबावरच्या स्प्रिंगच्या संपर्कबिंदूंतून दाराला वीज मिळते. नव्यांत बहुधा सरकणाऱ्या साखळीतून केबल जाते. दोन्ही ठिकाणी दाराच्या आत किंवा त्या केबलमध्ये जॉइंट मारू नका, ती केबल रोज वाकते आणि जॉइंट तिथेच तुटतो. वायर बॉडीत शिरल्यानंतर, उंबरठ्याच्या पट्टीखाली किंवा पायाजवळच्या ट्रिममागे पकडा. मागच्या दाराचंही तसंच. बॉडी आणि दार यांच्यामधल्या रबरी नळीला सोडून आत छताच्या बाजूला जॉइंट घ्या. नळीतल्या वायरी आधीच तुटायला आलेल्या नाहीत ना, तेही एकदा पाहा.

नव्या गाड्यांत दाराची माहिती अनेकदा वेगळ्या वायरीवर येतच नाही. दारातलं मॉड्यूल ती कॅन बसवरून बॉडी कंट्रोल मॉड्यूलला (दारं-दिवे सांभाळणाऱ्या गाडीतल्या संगणकाला) कळवतं. कॅन बस म्हणजे एकमेकींना पीळ दिलेल्या दोन वायरी. शांत असताना दोन्हींवर सुमारे २.५ व्होल्ट असतात. संदेश जाताना एक वर आणि एक खाली सरकते. बॅटरी काढून दोघींमध्ये रोध मोजला तर साधारण ६० ओहम येतो, कारण दोन टोकांना १२० ओहमचे रोधक असतात. या वायरींना १२ व्होल्ट किंवा अर्थ चुकूनही लावायचा नाही, आणि साध्या अलार्मच्या दाराच्या इनपुटला त्या जोडूनही उपयोग नाही. तुमच्या गाडीसाठीचं कॅन मॉड्यूल घ्या. ते बसवरचे संदेश वाचून अलार्मला समजेल असा साधा सिग्नल देतं.

पायरी ४: सेंट्रल लॉकिंग

ड्रायव्हरच्या दाराच्या लॉक बटनाच्या वायरी पायाजवळच्या ट्रिममागे मिळतात. बटन दाबल्यावर वायर अर्थ होत असेल तर अलार्मचे निगेटिव्ह आउटपुट सरळ जोडता येतात. १२ व्होल्ट येत असतील तर आधी बटन न दाबता वायरीचा अर्थशी रोध मोजा. तो जवळजवळ शून्य असेल, तर वायर थेट मोटरला जाते आणि सुटी असताना अर्थवर असते. या प्रकारात वायर कापून मध्ये रिले घालावा लागतो: ३० नंबरची पिन मोटरकडे, ८७ए बटनाकडे आणि ८७ ला फ्यूजमधून १२ व्होल्ट (रिले बंद असताना ३० ही पिन ८७ए ला जोडलेली असते, चालू झाला की ८७ ला). लॉकला एक रिले, अनलॉकला दुसरा. अशा वायरीला न कापता १२ व्होल्ट दिले तर थेट शॉर्ट होतो. रोध शून्य नसेल तर वायर न कापता, रिलेतून १२ व्होल्टची छोटी पल्स पुरते.

पायरी ५: सायरन, बॉनेट आणि अर्थ

सायरन इंजिनच्या कप्प्यात, एक्झॉस्टपासून लांब, तोंड खाली करून बसवा म्हणजे पाणी साचत नाही. गाडीखालून हात घालून तो तोडता येणार नाही एवढं पाहा. फायरवॉलमध्ये (इंजिन आणि केबिन यांच्यामधल्या पत्र्यात) नवीन भोक पाडण्याआधी जुनं रबरी ग्रोमेट, म्हणजे वायरी जाण्याच्या भोकातली रबरी कडी, शोधा, जवळपास प्रत्येक गाडीत ते असतं. बॉनेटचा पिन स्विच टाळू नका. तो नसेल तर बॉनेट उघडून बॅटरीची वायर काढायला आणि सायरन गप्प करायला फार वेळ लागत नाही.

अलार्मच्या सगळ्या अर्थ वायरी एकाच ठिकाणी आणा. रंग खरवडून चकचकीत पत्रा उघडा करा, वायरीच्या टोकावर थिंबल (स्क्रूसाठी भोक असलेली धातूची टोपी) दाबून क्रिंप करा आणि स्क्रूने घट्ट आवळा. स्क्रू मारण्याआधी पलीकडे काय आहे ते बघा. अधूनमधून आपोआप वाजणाऱ्या अलार्ममध्ये मी आधी अर्थच तपासते.

पायरी ६: जॉइंट

चिमटा मारून बसणारे टी-टॅप वापरू नका. ते वायरीचे काही धागे कापतात आणि काही महिन्यांनी सैल होतात. मूळ वायर न कापता तिचं इन्सुलेशन सेंटीमीटरभर सोला, धागे टोकदार वस्तूने बाजूला सारून भोक करा, नवी वायर त्यातून ओवून पीळ मारा, सोल्डर करा आणि कापडी टेप गुंडाळा. जॉइंट झाल्यावर वायर ओढून पाहा. मग सगळा जुडगा मूळ लूमला, म्हणजे गाडीच्या वायरींच्या जुडग्याला, केबल टायने बांधा. स्टिअरिंगच्या दांड्याजवळ किंवा पेडलपाशी एकही वायर लोंबकळता कामा नये.

पायरी ७: सेल्फ तोडणारा रिले

हा पर्याय घेतलात तर फक्त स्टार्टरची वायर तोडा. इग्निशनची किंवा फ्युएल पंपची कधीही नाही, कारण चालत्या गाडीत रिले बिघडला तर इंजिन भर रस्त्यात बंद पडेल. स्टार्टरची जाड वायर कापून एक टोक ३० ला, दुसरं ८७ए ला. रिलेच्या कॉइलचं एक टोक इग्निशन वायरीला आणि दुसरं अलार्मच्या आउटपुटला. अशा जोडणीत उभी गाडी बॅटरी खात नाही, आणि अलार्मचं युनिट मेलं तरी गाडी सुरू होते. बटनाने सुरू होणाऱ्या गाडीत हा भाग करू नका.

पायरी ८: शॉक सेन्सर आणि चाचणी

सेन्सर डॅशबोर्डखालच्या घट्ट लोखंडी पट्टीला बांधा, प्लॅस्टिकला नाही. व्हॅनची बॉडी लांब असते, त्यामुळे मागच्या काचेवरचा धक्का पुढे क्षीण होऊन पोहोचतो. संवेदनशीलता कमीपासून वाढवत न्या आणि मागच्या काचेच्या चौकटीवर मुठीने हलकं ठोकून पाहा.

आता फ्यूज बसवा. काच खालीच ठेवून अलार्म लावा, मिनिटभर थांबा आणि काचेतून हात घालून ड्रायव्हरचं दार उघडा. सायरन वाजला की बंद करा, परत लावा आणि पुढच्या दाराकडे जा. सहाही जागा वेगवेगळ्या तपासायच्या. सरकत्या दारांना आतल्या हँडलनेही उघडून बघा. इग्निशन चालू करून एअरबॅग, एबीएस आणि इंजिनचे इशारा-दिवे पूर्वीसारखे विझतात ना, तेही पाहा.

शेवटी बॅटरीवरचा भार. सगळं बंद करा, दारांच्या कड्या स्क्रूड्रायव्हरने अडकवून गाडीला दार बंद वाटेल असं करा, आणि निगेटिव्ह टर्मिनल व केबल यांच्यामध्ये मीटर १० अँपिअरच्या रेंजवर सिरीजमध्ये लावा. मॉड्यूल झोपायला अर्धा तास किंवा त्याहून जास्त लागू शकतो. तोवर रीडिंग मोठंच दिसेल. मीटर जोडलेला असताना सेल्फ मारू नका, त्याचा फ्यूज उडेल. ५० मिलीअँपिअरच्या आत असेल तर ठीक, तेवढ्याने दिवसाला १.२ अँपिअर-अवर जातात. २०० मिलीअँपिअर दिसत असतील तर ६० अँपिअर-अवरची बॅटरी बारा-तेरा दिवसांत कोरडी होईल, आणि गाडी सुरू होणं त्याआधीच थांबेल. अशा वेळी अलार्मचा फ्यूज काढून रीडिंग परत घ्या. आकडा खाली आला तर दोष तुमच्या जोडणीत आहे: पार्किंग लाइटची वायर किंवा एखादा रिले सतत चालू राहिला असेल. खाली आला नाही, तर गाडीचे बाकीचे फ्यूज एकेक करून काढत जा.