डाळ मिलच्या पॅकिंगला पाच दिवसांचा आठवडा

जळगावच्या डाळ मिलमध्ये पॅकिंगवर सहा जण, रविवारी मिल बंद. प्रत्येकाला आणखी एक सुट्टी हवी असेल तर वार वेगळा ठेवावा: एकाला सोमवार, दुसऱ्याला मंगळवार, असं शनिवारपर्यंत. रोज पाच जण हजर राहतात, माणशी तास 48 वरून 40 वर येतात.

अडतं ते शिलाई मशीनवर. शिलाईवाला नसला की भरलेले कट्टे तोंड न शिवता पडून राहतात आणि हमाल खोळंबतात. म्हणून आधी दुसऱ्याला सुईत दोरा ओवायला, टाका सुटला तर पुन्हा धरायला शिकवलं. सुट्टीची अदलाबदल चालते, फक्त हे दोघं एकाच दिवशी गैरहजर नकोत.

पगार कापू नये असंच आमचं मत. कापायचाच तर सहावा हिस्सा: 18,000 चे 15,000. पण ग्रॅच्युइटी शेवटच्या पगारावर निघते, त्यामुळे मागच्या सगळ्या वर्षांचीही घटते. सही घेण्याआधी कामगाराला हे स्पष्ट सांगायलाच हवं.

नवी तूर आली की सहावा दिवस भरावाच लागतो. आठवड्याच्या हिशेबात कायद्याची दुप्पट मजुरी 48 तासांपुढे लागते. 41 ते 48 तासांचा दर आधीच लेखी ठरवा.