चिअरलीडरची जोडकमाई: वर्गणीचं पान सुरू करताना

एनएफएलच्या, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक फुटबॉल लीगच्या, संघासाठी चिअरलीडर म्हणून नाचणं हे अर्धवेळ काम आहे, म्हणून बहुतेक जणी दुसरी नोकरी धरतात. कॅलिफोर्नियात २०१६पासून कायद्यानेच त्यांना कर्मचाऱ्याचा दर्जा आणि किमान वेतन आहे, तरी तेवढ्यावर घर चालत नाही. पॅट्रिऑनसारख्या, चाहत्यांकडून दरमहा वर्गणी घेता येणाऱ्या वेबसाइटवर पान काढून कमाई जोडता येते.

आधी करार वाचा. सोशल मीडिया, बाहेरचं काम आणि प्रतिमेचे हक्क ही तीन कलमं शोधा आणि परवानगी ईमेलवर, लेखीच घ्या. खातं खासगी ठेवलं की झालं, असं समजू नका. २०१८मध्ये न्यू ऑर्लीन्स सेंट्स या संघाने खासगी इन्स्टाग्राम खात्यावरच्या एका फोटोवरून चिअरलीडरला काढून टाकलं होतं. गणवेश, संघाचं चिन्ह, स्टेडियम, ड्रेसिंग रूम यांपैकी काहीही चित्रात नको. संघाने बसवलेला नाचही शिकवू नका. तो तुमचा नाही.

विकायचं ते स्वतःचं कसब. निवड चाचण्या बहुधा वसंतात होतात, त्यामुळे जानेवारी-फेब्रुवारीत पान उघडलं तर किक, गिरक्या, स्प्लिट शिकायला उत्सुक मुली आपणहून येतात. उघडण्याआधी चार व्हिडिओ तयार हवेत. दुसऱ्या महिन्यात नवं काही दिसलं नाही की लोक वर्गणी बंद करतात, आणि सामन्यांच्या दिवसांत चित्रीकरणाला वेळ मिळत नाही. प्रत्येक व्हिडिओ १२ ते १५ मिनिटांचा पुरे. फोन कमरेच्या उंचीवर, आडवा, तीन मीटर लांब ठेवा. पावलं कापली गेली तर शिकणारीला काहीच कळत नाही. चित्र आरशासारखं उलटवा, आधी निम्म्या गतीने दाखवा. गाजलेली गाणी वापरलीत तर आवाज बंद केला जातो किंवा व्हिडिओ उतरवला जातो. परवान्याचं संगीत घ्या, नाहीतर तोंडाने पाच-सहा-सात-आठ मोजा.

वर्गणी १० डॉलर ठेवा. पॅट्रिऑनचे १० टक्के आणि कार्डाचे २.९ टक्के अधिक ३० सेंट वजा जाता ८.४१ डॉलर उरतात. ५ डॉलरमधले ४ डॉलर ५ सेंटच, कारण ते ३० सेंट लहान रकमेला जास्त बोचतात. आयफोनच्या अ‍ॅपमधून वर्गणी भरली तर अ‍ॅपल ३० टक्क्यांपर्यंत घेतं, म्हणून चाहत्यांना ब्राउझरचीच लिंक द्या.

चाहत्यांत एखादा पाठलाग करणाराही निघतो. फोटोतली स्थळाची नोंद पुसा, खिडकीबाहेरचं दिसू देऊ नका, भेटवस्तूंसाठी घरचा नव्हे तर पोस्ट बॉक्सचा पत्ता द्या. जिथे आहात तिथून निघाल्यावरच पोस्ट टाका.

एफ-१ (विद्यार्थी) किंवा एच-१बी (नोकरी) व्हिसावर असलेल्या आपल्याकडच्या मुलींनी इमिग्रेशन वकिलाला विचारल्याशिवाय हे सुरूच करू नये. अशी कमाई विनापरवाना काम ठरू शकते.

खर्च वजा जाता वर्षाला ४०० डॉलर सुटले तरी स्वयंरोजगार कर लागतो, १५.३ टक्के, शिवाय प्राप्तिकर वेगळा. प्रत्येक जमेतले ३० टक्के वेगळ्या खात्यात टाका आणि एप्रिल, जून, सप्टेंबर, जानेवारीच्या १५ तारखेला आगाऊ हप्ता भरा.