कॉयरमध्ये यायचंय? तानपुरा सोडू नका

कॉयर म्हणजे अनेक आवाजांनी एकत्र गायचा समूह. ‘ते चर्चवाल्यांचं’ असं आपल्या गायनक्लासांत अजून सर्रास ऐकू येतं. मी विशारद करून आल्टोत, म्हणजे बायकांच्या खालच्या आवाजांत, उभी राहिले, त्याला तीन दशकं होत आली. परांज्योती अकॅडमी कोरस मुंबईत १९५६ पासूनचा. व्हिक्टर परांज्योतींनी सुरू केला, पुढे कूमी वाडियांनी वर्षानुवर्षं सांभाळला, आणि त्यात चार आवाजांत बांधलेली भारतीय गाणीही गायली गेली. तेव्हा परकेपणाचा बाऊ नको.

आमचा कंडक्टर ट्यूनिंग फोर्क (ठरलेला एकच सूर देणारा धातूचा चिमटा) गुडघ्यावर आपटून कानाशी धरतो आणि सोप्रानो, आल्टो (बायकांचे वरचे-खालचे आवाज), टेनर, बास (पुरुषांचे) या चौघांना आपापला सूर गुणगुणून देतो. आधार तेवढाच. आवाज नको म्हणून पंखे बंद, मे महिन्यातला घाम, आणि पुढची पाच मिनिटं तुम्ही तुमचे. गाणं संपल्यावर फोर्क पुन्हा वाजतो तेव्हा कळतं, सगळी मंडळी अर्धा सूर खाली आलीय. गंमत म्हणजे बेसूर कुणीच झालेलं नसतं, सगळे एकमेकांना धरूनच उतरलेले असतात. उतरत्या ओळीत प्रत्येक जण नकळत जरा जास्त खाली येतो, म्हणून तिथे सावध राहायचं.

तानपुऱ्यावर तयार झालेला कान इथे फार कामाला येतो. नीट जुळलेल्या तानपुऱ्यातून न छेडता जो स्वयंभू गंधार (ग) ऐकू येतो, तोच मेजर कॉर्डमध्ये, म्हणजे सा-ग-प एकदम गाताना, गोड बसतो. पियानोचा आणि पेटीचा ग त्याहून किंचित चढा. (आकाशवाणीने १९४० ते १९७१ पेटीला बंदी घातली होती. मला ती अतिरेकीच वाटते, पण गंधारापुरती तक्रार खरी होती.)

सोडायच्या गोष्टी म्हणजे मींड (सुरावरून सुरावर घसरत जाणं), हरकती आणि ‘माझी काळी चार’ हा स्वतःच्या पट्टीचा हट्ट. आल्टोला कधी कधी चार-चार ओळी एकच स्वर धरून राहावं लागतं. कंटाळवाणं वाटेल, पण खाली बास हलला की तोच स्वर आधी सा असतो, मग प होतो, मग ग. ग झाला की तो केसभर खाली घ्यावा लागतो. हे जमायला मला काही वर्षं लागली, आणि मला खरी मजा यातच येते.

समूहाचा आवाज तुटू नये म्हणून श्वास शेजारणीबरोबर घेऊ नका. ती घेईल तेव्हा तुम्ही गात राहा, आणि तुम्ही घ्याल तो ओळ संपताना नको, एखाद्या लांब स्वराच्या मधे घ्या, मग हळूच परत या.

पोट यावर भरत नाही. बहुतेक जण नोकरी सांभाळून, ऑफिस सुटल्यावर तालमीला येतात. नाताळच्या कार्यक्रमांपायी डिसेंबरमध्ये घरच्यांची बोलणी खायची तयारी हवी. नोटेशन वाचायला शिकलात तर शाळेत संगीत शिकवणं, स्टुडिओत कोरस गाणं अशी थोडीफार कामं मिळतात.

ऑडिशनला तान ऐकवू नका. बहुधा तीन सूर एकदम वाजवतील आणि मधला गायला सांगतील. त्याचा रियाज घरी पेटीवर करता येतो, फक्त मधली पट्टी दुसऱ्या कुणाला तरी निवडू द्या.