कुत्रा सारखा शेपटीमागे फिरतोय? या चुका टाळा

पिल्लू शेपटीमागे गोल गोल फिरलं तर त्यात काळजीचं काही नाही. पण मोठा झालेला कुत्रा हाक मारली तरी थांबत नाही, समोर चिकन ठेवलं तरी फिरत राहतो, दमून बसतो आणि जरा वेळाने पुन्हा सुरू करतो, तेव्हा तो खेळ उरलेला नसतो. भिंतीवरच्या सावलीमागे धावणं, नसलेल्या माशा तोंडाने पकडणं, फरशी चाटत बसणं, एकच पाय सतत चाटणं हेही त्यातलंच. ठाण्याच्या घोडबंदर रोडपासून नवी मुंबईतल्या खारघरपर्यंत फ्लॅटमध्ये कुत्रे पाळणारी माणसं यावर जीव तोडून उपाय करतात, पण बऱ्याचदा क्रम उलटा असतो: आधी ओरडा, मग यूट्यूब आणि शेवटी डॉक्टर.

‘टेन्शन असेल’ म्हणून तपासणी टाळणं

माझ्या मते ही सगळ्यात महागात पडणारी चूक. शेपटीमागे फिरणाऱ्या कुत्र्याच्या गुदग्रंथी (गुदद्वाराजवळच्या छोट्या पिशव्या) भरलेल्या असू शकतात, शेपटीच्या बुडाशी पिसवा किंवा गोचीड असू शकतात, कंबर दुखत असू शकते. पंजे चाटण्यामागे अ‍ॅलर्जी असते, सांधेदुखी असते, पावसाळ्यात बोटांच्या बेचक्यात झालेलं फंगल इन्फेक्शनही असतं. आपल्याकडे जून ते सप्टेंबर पंजे कोरडे राहतच नाहीत, त्यामुळे फिरून आल्यावर बोटांच्या मधला भाग रोज पुसून, उघडून बघा.

फरशी, सोफा, भिंत चाटणाऱ्या कुत्र्यांचा कॅनडात अभ्यास झाला, तो 2012 साली प्रसिद्ध झाला. त्यातल्या 19 पैकी 14 कुत्र्यांना पोटाचे किंवा आतड्यांचे विकार निघाले आणि उपचारांनंतर बऱ्याच जणांचं चाटणं कमी झालं. या कुत्र्यांना कुणी ‘वेडा’ ठरवून गप्प बसलं असतं तर? हवेत माशा पकडण्यामागेही पोट असू शकतं, कधी फिटचा सौम्य प्रकार असतो.

सतत चाटून पुढच्या पायाच्या मनगटावर होणारी जखम नीट ओळखा. सुरुवातीला केस फक्त ओले दिसतात. फिक्या रंगाच्या कुत्र्यात लाळेने ते तांबूस होतात. मग केस जातात, चामडी जाड आणि टणक होते, मधोमध ओलसर लाल चट्टा पडतो. लॅब्रेडॉर, डॉबरमनसारख्या मोठ्या कुत्र्यांत हे जास्त दिसतं. घरी हळद किंवा मलम लावलं जातं, कुत्रा ते दोन मिनिटांत चाटून टाकतो आणि जखम आत पसरत जाते. इन्फेक्शन खोल गेलं असेल तर अँटिबायोटिक कित्येक आठवडे द्यावं लागतं. गळ्यात प्लॅस्टिकचा कोन घातला की चाटणं थांबतं, पण कारण तिथेच राहतं.

हसणं आणि ओरडणं

‘अगं बघ, सुरू झालं याचं!’ म्हणत सगळं घर गोळा झालं की कुत्र्याला लक्ष मिळतं. ओरडलं तरी लक्ष मिळतंच, वर भीतीची भर पडते. मारलं तर तो तुमच्यासमोर थांबेल आणि तुम्ही ऑफिसला गेलात की दुप्पट फिरेल. त्याऐवजी शांत आवाजात दुसऱ्या खोलीत बोलवा, साधं ‘बस’ करायला सांगा, केलं की खाऊ द्या. लेझरचा ठिपका दाखवून खेळवणं तर पूर्ण बंद करा. हाती न लागणाऱ्या प्रकाशामागे धावायची सवय त्यातूनच लागू शकते.

नुसतं दमवणं

सकाळची लोकल गाठायला दोघंही बाहेर पडतात आणि कुत्रा संध्याकाळपर्यंत एकटा असतो. मग रात्री त्याला पाम बीच रोडला पळवतात. धावणं चांगलंच, पण त्याला हुंगायला वेळ मिळतो का? उपवन तलावाच्या बाजूला फिरवताना पट्टा सैल सोडा, एका झाडापाशी तो दोन मिनिटं थांबला तरी ओढू नका. जुन्या टॉवेलच्या घड्यांत जेवणाचे दाणे लपवून द्या. जेवण, फिरणं, झोप यांच्या वेळा रोज त्याच ठेवा.

आणि नोंद ठेवा: किती वाजता सुरू झालं, आधी काय घडलं, किती वेळ चाललं. चारच्या उन्हात समोरच्या टॉवरच्या काचेची तिरीप हॉलच्या भिंतीवर येत असेल आणि धावणं नेमकं तेव्हाच सुरू होत असेल, तर तासभर पडदा ओढणं हा खरा उपाय असतो. वहीशिवाय हे लक्षातच येत नाही.

औषध आपल्या मनाने देणं किंवा बंद करणं

डॉबरमनची स्वतःची कूस (पोटाची बाजू) चोखण्याची सवय, बुल टेरियर आणि जर्मन शेफर्डचं शेपटीमागे फिरणं यांत आनुवंशिकतेचा भाग आहे. डॉबरमनमधल्या या सवयीशी जोडलेला जनुकीय भाग संशोधकांनी 2010 मध्ये दाखवला. म्हणून ‘आपणच काहीतरी कमी पडलो’ असं मनाला लावून घेऊ नका. काही कुत्र्यांना फ्लुओक्सेटीन किंवा क्लोमिप्रामीन यांसारखं मेंदूवर काम करणारं औषध लागतं. त्याचा परिणाम दिसायला चार ते आठ आठवडे जातात, आणि बरीच घरं पंधरा दिवसांत ‘गुण नाही’ म्हणून गोळी थांबवतात. घरातल्या माणसाची उरलेली गोळी तर कधीच देऊ नका.

डॉक्टरांकडे जाताना मोबाइलवर व्हिडिओ न्या, त्यात शक्यतो सुरू होण्याआधीचा मिनिटभरही येऊ द्या. शेपटीच्या टोकातून रक्त येत असेल, कुत्रा खाणं-झोप सोडून फिरत असेल, किंवा मध्येच ताठ होऊन पडत असेल, तर त्याच दिवशी न्या. फिट आली तर तोंडात हात घालू नका, आजूबाजूचं सामान सरकवा आणि घड्याळ बघा. पाच मिनिटांत थांबली नाही तर थेट दवाखाना गाठा.